रानड्यांचा पेच

बोलले एक आणि केले दुसरे, असा आक्षेप न्यायमूर्ती महादेव गोविंद रानडे यांच्यावर घेतला गेला, तो त्यांच्या दुसऱ्या विवाहामुळे. १८७३ साली त्यांच्या प्रथम पत्नी निवर्तल्या. रानडे त्या वेळी ३१ वर्षांचे, पुण्यात न्यायखात्यात, आणि विधवाविवाहाचे उघड पुरस्कर्ते. चिरंजीव आता एखाद्या विधवेशी विवाह करतील या धास्तीने वडील गोविंदरावांनी तातडीने स्थळ ठरविले. वधू देवराष्ट्र्याच्या कुर्लेकरांची, वय वर्षे ११. रानड्यांची सख्खी बहीण विधवा होती. तिच्या पुनर्विवाहाचा विचारही त्या घरात शक्य नव्हता. रानड्यांनी विनवण्या केल्या, पण वडिलांचे मन मोडणे त्यांना जमले नाही. त्याच वर्षी लग्न झाले.

पितृभक्ती श्रेष्ठ की तत्त्वनिष्ठा, यावर आजवर पुष्कळ लिहिले गेले. मी बालरोगतज्ज्ञ आहे; माझी नजर आधी त्या वधूकडे जाते. कामरेजच्या माझ्या दवाखान्यात ११ वर्षांची मुलगी आली की मी तिची उंची व वजन वाढीच्या तक्त्यावर नोंदवितो. तिची वाढ अजून पुष्कळ बाकी असते. रानड्यांच्या मनातील द्वंद्व खरे होते, त्याविषयी मला शंका नाही. परंतु त्या द्वंद्वात बाप आणि लेक असे दोनच पक्ष होते. तिसऱ्या व्यक्तीला कोणी विचारलेच नाही.

पुढे रानड्यांनी पत्नीला स्वतः शिकविले, आधी मराठी, मग इंग्रजी. १८९१ साली संमतिवय १० वरून १२ वर्षांवर नेणाऱ्या कायद्याला त्यांनी पाठिंबा दिला. काही मित्र म्हणतात, शेवटी चांगलेच झाले ना! हा युक्तिवाद मला पटत नाही. रुग्ण बरा झाला म्हणून चुकीचे औषध योग्य ठरत नाही, हे आपणा वैद्यकीय मंडळींना सांगावयास नको. तरीही रानड्यांना ढोंगी म्हणण्यास माझी जीभ रेटत नाही. वयोवृद्ध वडिलांसमोर गप्प बसलेले कर्तबगार पुत्र मी माझ्या तपासणीच्या खोलीत अनेकदा पाहिले आहेत.

आपल्याला या पेचाची जवळून हकीकत मिळते ती त्या मुलीच्याच लेखणीतून. रमाबाई रानडे यांच्या ‘आमच्या आयुष्यातील काही आठवणी’ १९१० साली प्रसिद्ध झाल्या. पतीच्या निधनानंतर त्यांनी पुण्यात सेवासदन उभे केले, आणि तेथील कित्येक विधवा परिचारिकेचे शिक्षण घेण्यासाठी ससून रुग्णालयात जाऊ लागल्या.