बेसबॉलचा सामना किती डावांचा?

महाराष्ट्राच्या शालेय क्रीडा स्पर्धांत बेसबॉल व सॉफ्टबॉल हे दोन्ही खेळ असून, चंद्रपूर आणि गडचिरोली या वनजिल्ह्यांतील विजेत्या संघांची पुढची पायरी नागपूर विभागाची असते. बेसबॉलचा डाव, म्हणजे इनिंग, दोन अर्धांचा असतो. प्रत्येक अर्धात एक संघ फलंदाजी करतो आणि त्याचे तीन खेळाडू बाद होताच बाजू पालटते. न्यूयॉर्कच्या जुन्या नियमांत प्रथम 21 धावा करणारा संघ जिंकत असे. 1857 मध्ये तेथील क्लबांच्या परिषदेने नऊ डाव ठरवले आणि व्यावसायिक सामन्यांत आजही तेच प्रमाण आहे. अमेरिकेतील माध्यमिक शाळांचे सामने सहसा सात डावांचे, तर बारा वर्षांपर्यंतच्या मुलांच्या लिटल लीगचे सहा डावांचे असतात. ही कपात अत्यंत योग्य आहे, कारण सततच्या वेगवान फेकीचा ताण पिचरच्या, म्हणजे चेंडू फेकणाऱ्याच्या, वाढत्या वयातील खांद्यावर व कोपरावर पडतो. सॉफ्टबॉल मात्र प्रौढांसाठीही सात डावांचाच असतो. बरोबरी झाल्यास सामान्यतः जादा डाव खेळवतात. खो-खोचा डाव घड्याळावर संपतो, बेसबॉलचा मात्र गडी बाद झाल्यावरच, त्यामुळे सामन्याची वेळ आधी सांगता येत नाही.