पन्नाशीतला विद्यार्थी

1974 साली इचलकरंजीत अखिल भारतीय मराठी साहित्य संमेलन भरलं. संमेलन पन्नासावं, गाव यंत्रमागांचं आणि अध्यक्ष पु. ल. देशपांडे. पुलं म्हटलं की आपल्याला आधी रंगमंच आठवतो, 'व्यक्ती आणि वल्ली' आठवते. पण त्याच वर्षी त्यांची 'जावे त्यांच्या देशा' आणि 'वंगचित्रे' ही दोन पुस्तकं आली, आणि दोन्ही प्रवासाचीच!

त्यांच्या प्रवासांचा क्रम लावून पाहिला की थक्क व्हायला होतं. पहिला प्रवास विलायतेचा. आकाशवाणीच्या नोकरीत असताना टेलिव्हिजनचं तंत्र शिकायला ते लंडनला गेले आणि 1960 मध्ये 'अपूर्वाई' आली. मग 1963 मध्ये आग्नेय आशिया आणि जपान दाखवणारं 'पूर्वरंग'. यानंतर माणूस आणखी लांब जाईल, असं कुणालाही वाटेल. पुलं मात्र आपल्याच देशात, रवींद्रनाथ टागोरांच्या शांतिनिकेतनात गेले. वयाच्या पन्नाशीत, बंगाली शिकायला!

एवढा खटाटोप कशासाठी? रवींद्रनाथांचं साहित्य अनुवादातून वाचता येतंच की. पण रवींद्रनाथांनी दोन हजारांच्या वर गाणी रचली आणि बहुतेकांना चालीही स्वतःच लावल्या. अनुवादात अर्थ येतो, चाल मागेच राहते. पुलं स्वतः पेटी वाजवणारे, चाली बांधणारे. त्यांना ही उणीव किती सलली असेल!

बरं, बंगाली नुसती डोळ्यांनी शिकता येत नाही. कागदावर शब्द ओळखीचे दिसतात, पण बोलताना 'अ' बऱ्याचदा 'ओ'कडे झुकतो आणि 'व'चा 'ब' होतो. ती ऐकावी लागते: वर्गात, बाजारात, गाण्यात. 'वंगचित्रे' ही अशा ऐकण्यातून उभी राहिली. प्रवाशाची नजर आणि गवयाचा कान एकाच माणसात असले की काय होतं, ते या पुस्तकात कळतं.

मला यात प्रवासलेखनाचं मर्म दिसतं. किती मैल गेलो याला फार महत्त्व नाही. गेलेल्या ठिकाणी विद्यार्थी होता आलं का, हे महत्त्वाचं. घरोघरी नाव पोचलेल्या लेखकानं पन्नाशीत पुन्हा मुळाक्षरांपासून सुरुवात करणं, हे मला कुठल्याही विमानप्रवासापेक्षा मोठं साहस वाटतं.

इचलकरंजीकरांना तर यासाठी लांब जायलाही नको. कन्नड बोलणारी गावं हाकेच्या अंतरावर आहेत, आणि मागावर शेजारी उभा असलेला कामगार कदाचित भोजपुरीत गुणगुणत असेल. 'वंगचित्रे' जरूर वाचा, आणि वाचून झाल्यावर त्या शेजाऱ्याकडून त्याच्या भाषेतलं एक गाणं शिकून घ्या.