रोल धुणाऱ्या बायकांचा संप

ज्यांनी कधीकाळी कॅमेऱ्याचे रोल धुवायला टाकलेत, त्यांना या धंद्याची नस माहीत असेल. फोटो वेळेवर हातात पडले पाहिजेत, बस्स. सांगलीत माझा स्टुडिओ होता तेव्हा कलर रोल मुंबईच्या लॅबला पार्सलने जात. एक पार्सल रखडलं की गिऱ्हाईक दुकानात ठाण मांडायचं. त्यामुळे लंडनच्या ग्रनविक संपाबद्दल वाचताना मी भाषणं बाजूला ठेवली आणि आधी टपालाचं काय झालं ते शोधलं. संपाचं मर्म तिथेच होतं.

ग्रनविक ही वायव्य लंडनमधल्या विल्सडेनची फिल्म धुणारी कंपनी. गिऱ्हाइकाने रोल पाकिटात घालून पोस्टात टाकायचा, फोटोही पोस्टानेच घरी यायचे. उन्हाळी सुट्ट्या ही त्यांची लगीनसराई. त्यात 1976 चा उन्हाळा विलक्षण कडक होता. आठवड्याला साधारण 28 पौंड पगार, ऐनवेळी लादलेला ओव्हरटाइम, आणि संडासाला जायचं तरी परवानगी. ऑगस्टमध्ये एका तरुणाला कामावरून काढलं. त्याच दिवशी ओव्हरटाइमवरून खटका उडाला आणि तिथल्याच कामगार जयाबेन देसाई मुलाला घेऊन बाहेर पडल्या. सुमारे 490 पैकी 137 कामगार संपावर गेले.

जयाबेन गुजरातेतल्या धर्मजच्या. लग्नानंतर टांझानियात गेल्या, तिथून इंग्लंडला आल्या. त्यांच्या सोबतिणींपैकी बऱ्याच जणी पूर्व आफ्रिकेतूनच आलेल्या. तिकडे अनेकींच्या घरी नोकरचाकर होते, इकडे त्या स्वतःच मजूर झाल्या. वर्ग असा एका पिढीत, एका विमानप्रवासात बदलतो. मालक जॉर्ज वॉर्ड हेही दिल्लीत जन्मलेले अँग्लो-इंडियन. तेव्हा गोरा मालक आणि काळे मजूर अशी सोपी मांडणी इथे चालत नाही.

मागणी एकच होती, युनियनला मान्यता द्या. ‘एपेक्स’ या युनियनने संपकऱ्यांना सभासद करून घेतलं. कंपनीने त्यांना सरळ बडतर्फ केलं. जवळच्या क्रिकलवूडच्या टपाल कामगारांनी कंपनीच्या टपालाला हात लावायचं नाकारलं, तेव्हा मात्र मालकाचं धाबं दणाणलं. निदर्शनांनी कारखाना बंद पडत नव्हता, पण पाकिटं अडकली की धंदाच खुंटतो. 1977 च्या जुलैमध्ये मालकाच्या बाजूच्या एका संघटनेने टपालाची पोती रातोरात बाहेर काढली आणि देशभरच्या पेट्यांतून पोस्ट केली.

त्याच महिन्यात 11 तारखेला सुमारे 20,000 लोक पाठिंब्याला जमले. यॉर्कशरचे खाणकामगार आपले नेते आर्थर स्कारगिल यांच्याबरोबर आले, लंडनचे गोदी कामगार आले. 1968 मध्ये हेच गोदी कामगार स्थलांतरितांविरुद्ध बोलणाऱ्या इनॉक पॉवेलच्या समर्थनार्थ मोर्चा घेऊन संसदेवर गेले होते. 1974 मध्ये लेस्टरच्या टाइपरायटर कारखान्यात आशियाई कामगार संपावर गेले, तेव्हा त्यांच्याच युनियनने हात वर केले होते. आता गोरे खाणकामगार साडीतल्या बायकांसाठी पोलिसांशी झटत होते. संपाच्या काळात 500 हून अधिक जणांना अटक झाली.

तरी संप हरला. न्यायमूर्ती स्कारमन यांच्या चौकशी समितीने कामगारांना परत घ्यायची शिफारस केली, ती वॉर्ड यांनी धुडकावली. सरकारी लवाद संस्थेने मान्यतेच्या बाजूने अहवाल दिला होता. पण कामगारांची नावं-पत्ते कंपनीने दिले नाहीत, म्हणून आत काम करणाऱ्यांचं मत घेताच आलं नव्हतं. नेमक्या त्याच कारणावरून लॉर्डांच्या सभागृहाने डिसेंबर 1977 मध्ये अहवाल रद्दबातल ठरवला. त्याआधी नोव्हेंबरमध्ये जयाबेन आणि तिघे कामगार-महासंघाच्या दारात उपोषणाला बसले होते. त्यावर त्यांच्याच युनियनने त्यांना निलंबित केलं. 14 जुलै 1978 ला संप मिटला. कुणालाही काम परत मिळालं नाही.

मालकवर्गाने या संपातून अचूक धडा घेतला. एका कारखान्याच्या संपाला दुसऱ्या कारखान्याच्या कामगारांनी साथ देण्यावर 1980 पासून थॅचर सरकारने टप्प्याटप्प्याने बंधनं आणली आणि 1990 च्या कायद्याने असे सहानुभूतीचे संप बेकायदा ठरवले. कामगार चळवळीने मात्र आपलंच बळ उशिरा ओळखलं. ग्रनविकच्या बायका एकट्या पडल्या म्हणून हरल्या नाहीत, त्यांच्यामागे उभे राहिलेले नेते टपालबंदीवर आलेल्या कायद्याच्या पहिल्याच धमकीला कचरले म्हणून हरल्या. टपालवाले ठाम होते, त्यांचे पुढारी नव्हते.