‘जन्मात न विसरणारा’ भूकंप

कळमनुरी-वसमतकडे भूकंपाचा विषय निघाला, की कोणी वयोवृद्ध गृहस्थ ठामपणे सांगतातच, की ३० सप्टेंबर १९९३ ची, गणेशविसर्जनानंतरची ती किल्लारीची पहाट आपल्याला आजही जशीच्या तशी दिसते. प्रसंग विसरत नाही, हे मान्य. परंतु भय जितके तीव्र तितकी स्मृती निर्दोष, हा त्यामागील समज निखालस चुकीचा आहे, आणि कितीदा सांगूनही तो हटत नाही.

अमेरिकेत ‘चॅलेंजर’ यान २८ जानेवारी १९८६ रोजी आकाशात फुटले, तेव्हा उल्रिक नायसर आणि निकोल हार्श या मानसशास्त्रज्ञांनी, ही वार्ता कोठे, कोणाकडून व कशी कळली याची लेखी जबानी दुसऱ्याच दिवशी विद्यार्थ्यांकडून घेऊन ठेवली. आणि सुमारे अडीच वर्षांनी त्यांपैकी ४४ जणांना तेच प्रश्न पुन्हा घातले, तेव्हा ७ गुणांच्या ताळ्यात सरासरी ३ गुणही भरले नाहीत, ११ जणांचे तर काहीच जुळले नाही. पुढे स्वतःच्याच हस्ताक्षरातला कागद दाखवूनही मूळ आठवण परतली नाही. खात्री मात्र दांडगी! मग ‘छातीठोकपणे सांगतो’ हा पुरावा कसा होतो, हे कोणी समजावून दिल्यास उपकार होतील.

आमच्या हिंगोली जिल्ह्यात तर घोटाळ्यास अधिकच वाव. २०२४ मध्ये २१ मार्चला सकाळी सहाच्या सुमारास ४.५ तीव्रतेचा धक्का बसला व पाठोपाठ दुसरा, सौम्य. १० जुलैला, सातनंतर, पुन्हा ४.५ चाच, रामेश्वर तांड्यानजीकचा. एकाच मापाचे, एकाच प्रहरीचे हे धक्के मनात मिसळून मार्चचे पडलेले भांडे जुलैच्या खाती जमा झाले, तर नवल कसले?

धक्का मिनिटभर चालला म्हणतात. एवढ्या भूकंपाचे हादरे सहसा काही सेकंदांत ओसरतात. आठवण दप्तरी जपलेली असते म्हणतात; ती दरवेळी नव्याने रचली जाते, हे मानसशास्त्रज्ञ बार्टलेटने १९३२ सालीच दाखवले. चौघांची हकीकत जुळते म्हणतात. चौघे आधी पारावर बोलले असतील, तर साक्ष एकच.

राहिला नुकसानीचा पंचनामा. तेथे तर प्रश्नातल्या शब्दांनीही आठवण बदलते. मोटारींची टक्कर चित्रपटात दाखवून ‘गाड्या एकमेकींवर आदळून चुराडा झाला तेव्हा वेग किती होता’ असे विचारले, तर आठवड्याने अनेकांना नसलेल्या फुटक्या काचाही आठवल्या, असे लॉफ्टस आणि पामर या मानसशास्त्रज्ञांना १९७४ साली आढळले. तेव्हा तलाठ्याने ‘भिंतीला तडा केव्हा गेला’ असे न विचारता ‘काय झाले’ एवढेच विचारावे, आणि तेही त्याच दिवशी.