सुकट, पापडखार आणि रामेन

रामेन हा जपानी घरातला पदार्थ नव्हे, हे आधीच सांगून टाकलेलं बरं. जपानला जाऊन तिथला घरगुती स्वयंपाक शिकायचं मनात घेतलेल्या आपल्याकडच्या मंडळींच्या यादीत तो सगळ्यात वर असतो. शिकवणारी बाई मात्र आधी तांदूळ धुवायला लावते, मग पातेल्यात गार पाणी घेऊन त्यात समुद्री शेवाळाची वाळकी पट्टी सोडते आणि म्हणते, आता थांबा. रामेन खायचा झाला तर ती स्वतःसुद्धा कोपऱ्यावरच्या दुकानात जाते. वडापाव घरी करता येत नाही असं नाही, पण तो गाडीवरचाच. रामेनचं तसंच आहे.

शिवाय तो मुळात जपानीही नाही. योकोहामा बंदरातल्या चिनी वस्तीत मिळणाऱ्या शेवयांचं हे पुढचं रूप. १९१० साली ओझाकी कानइची नावाच्या गृहस्थाने तोक्योच्या असाकुसा भागात ‘रायरायकेन’ हे दुकान काढलं आणि योकोहामाहून चिनी आचारी आणले. पुढे कितीतरी वर्षं लोक या पदार्थाला ‘चिनी सोबा’ (सोबा म्हणजे शेवया) असंच म्हणत. तो देशभर पसरला दुसऱ्या महायुद्धानंतर. तांदळाची टंचाई होती, अमेरिकेतून गहू येत होता, परत आलेल्या माणसांच्या हाताला काम नव्हतं. रस्त्यावर हातगाड्या लागल्या. ओसाकाजवळच्या इकेदात मोमोफुकु आन्दो यांनी तळून वाळवलेल्या शेवया २५ ऑगस्ट १९५८ रोजी बाजारात आणल्या. आन्दो स्वतः तैवानमध्ये जन्मलेले.

आमच्या पनवेलच्या वाण्याकडे जपानी शेवया पोचल्या त्या याच वाटेने, पुडक्यातून. १९८३ मध्ये मॅगी आली, नव्वदच्या दशकाच्या सुरुवातीला टॉप रामेन आलं, शाहरुख खानने जाहिरात केली. आमच्या पिढीला ‘रामेन’ हा शब्द त्या पुडक्यावरून ठाऊक. त्यामुळे खऱ्या रामेनचा वाडगा समोर आला की पहिला धक्का बसतो तो मसाल्याच्या अभावाचा. हळद नाही, तिखट नाही, फोडणी नाही. मग चव येते कुठून?

उत्तर त्या पातेल्यात आहे. जपानी स्वयंपाकाचा पाया म्हणजे ‘दाशी’ हे पाणी. एक लिटर पाण्याला साधारण दहा ग्रॅम कोंबु. हे होक्काइदोच्या थंड समुद्रातलं शेवाळ. तो अर्धा तास गार पाण्यात भिजवायचा, मंद आचेवर पाणी तापवायचं आणि उकळी फुटण्याआधीच पट्टी काढून घ्यायची. उकळली तर पाणी बुळबुळीत होतं आणि कडवट वास येतो. मग वीस-तीस ग्रॅम कात्सुओबुशी, म्हणजे शिजवून, धुरावर धरून, दगडासारख्या कडक केलेल्या कुप्याच्या जातीच्या माशाचे कागदासारखे पातळ काप त्यात सोडायचे, आच बंद करायची, ते तळाशी बसले की गाळून घ्यायचं. झालं. भिजवण्याचा वेळ सोडला तर पाव तासही लागत नाही. आपल्याकडे रस्सा जितका उकळेल तितका चांगला, अशी समजूत असल्याने हात राखणं हेच इथे कठीण जातं. या पाण्यात मिसो, म्हणजे आंबवलेल्या सोयाबीनचा लगदा, कालवला की सूप, सोया सॉस आणि साखर घातली की बटाट्याची भाजी शिजवायचा रस, अंड्यात फेटून घातलं की गुंडाळी करून तळलेलं तामागोयाकी.

हे पाणी चवीला काय असतं, याचा शोध घेतला तोक्योच्या साम्राज्य विद्यापीठातले रसायनशास्त्रज्ञ किकुनाए इकेदा यांनी. १९०८ मध्ये त्यांनी कोंबुमधून ग्लुटामेट वेगळं केलं आणि त्या चवीला ‘उमामी’ म्हटलं. पुढच्याच वर्षी ते पांढरे दाणे ‘अजिनोमोटो’ या नावाने विकायला आले. चायनीजच्या गाडीमुळे हे नाव आपल्याकडे पोराटोरांच्याही तोंडी आहे, बहुतेक वेळा नाक मुरडूनच. १९१३ मध्ये इकेदांचे शिष्य शिंतारो कोदामा यांनी सुक्या माशातलं इनोसिनेट शोधलं. आणि १९५७ मध्ये अकिरा कुनिनाका यांनी खरी गंमत दाखवून दिली: ग्लुटामेट आणि इनोसिनेट एकत्र आले की चव बेरजेने नाही, गुणाकाराने वाढते. कोंबु आणि मासा ही जोडी जपानी बायकांनी शेकडो वर्षं आधी जमवली होती. प्रयोगशाळेने कारण दिलं.

आता पनवेलच्या मासळीबाजारात या. उरण नाक्याकडे सुक्या मासळीच्या टोपल्या मांडून बसलेल्या बायांकडे जवळा, सुकट, बोंबील, मांदेली, वाकट्या, सोडे असं सगळं असतं. मे महिन्यात तर उभं राहायला जागा मिळत नाही, कारण आगोटची बेगमी करायची असते. १ जूनपासून ३१ जुलैपर्यंत मासेमारी बंद. त्या दिवसांत आगरी-कोळी घरांची भिस्त याच मालावर. जपानी घरांत कात्सुओबुशीच्या जोडीला स्वस्त आणि रोजची म्हणून वापरतात ती निबोशी, म्हणजे वाळवलेले बोटभर मासे. तो मासा आणि आपली मांदेली हे एकाच कुळातले, मत्स्यशास्त्राच्या भाषेत एन्ग्राउलिडी कुळातले. फरक करण्यात आहे. निबोशी आधी मिठाच्या पाण्यात उकडतात, मग वाळवतात. मांदेली कच्चीच उन्हात पडते. म्हणून तिचा वास दांडगा.

तरीही ती चालते. मांदेलीचं डोकं आणि पोट चिमटीने काढून टाकायचं (कडवटपणा तिथे असतो), तव्यावर तेलाशिवाय जरा परतायची, थंड पाण्यात तासभर ठेवायची आणि मग मंद आचेवर पाच-सात मिनिटं. वर येणारा फेस काढत राहायचा. पाणी जपानी दाशीइतकं नितळ होत नाही, वासही थोडा पुढे येतो. पण मिसो घातला की सगळं जागेवर बसतं. सुका बोंबील मात्र या कामाचा नाही. त्याला वाटणच हवं. माझं मत विचाराल तर सगळ्यात सरस सोडे. सोलून वाळवलेल्या कोळंबीचं पाणी गोडसर उतरतं, मिठाच्या रामेनला तर फारच छान.

रायगडातल्या सीकेपी घरांना हे सांगायची गरजही नाही. वांग्याबटाट्यात चार सोडे, वालाच्या बिरड्यात सोडे, खिचडीत सोडे: भाजी किंवा भात सुक्या मासळीच्या चवीवर शिजवायचा, हे तंत्र त्यांच्याकडे पिढ्यान्पिढ्या आहे. सुकटीत टोमॅटो घालणारी आगरी बाईसुद्धा कुनिनाकांचाच गुणाकार करत असते. टोमॅटोत ग्लुटामेट भरपूर. दाशीची कल्पना पनवेलला परकी नाही. परकं आहे ते फक्त तिचं एकटीने उभं राहणं. आपण ती चव कांदा, खोबरं, लसूण यांच्या गर्दीत सोडतो. जपानी बाई तिला रिकाम्या खोलीत बसवते.

रामेनचं गणित याच्याही पुढचं. वाडग्याच्या तळाशी आधी ‘तारे’ पडतं, म्हणजे मीठ, सोया सॉस किंवा मिसो यांचा खारट अर्क, त्यावर सुगंधी तेल किंवा चरबी, मग गरम पाणी, मग शेवया, वर मांसाचे काप, अंडं, कांद्याची पात. म्हणजे मीठ पाण्यात नसतंच, ते वाडग्यात असतं. एकाच पातेल्यातल्या अळणी पाण्यावर तीन चवींचे वाडगे निघतात. क्युशूकडचं डुकराच्या हाडांचं पांढरं दाट पाणी तासन्‌तास खळखळ उकळून काढतात. भेंडीबाजारात पाया खाल्लेल्या माणसाला त्याचं नवल वाटू नये.

आणि शेवया. रामेनच्या शेवया पिवळसर, लवचिक, पाण्यात लगेच न फुगणाऱ्या असतात. अंड्यामुळे, असं पुष्कळांना वाटतं. खरं कारण ‘कान्सुई’: सोडियम आणि पोटॅशियम कार्बोनेटचं अल्कधर्मी पाणी. त्याने मैद्यातलं ग्लुटेन आवळतं आणि पिठातली मूळची रंगद्रव्यं पिवळी पडतात. आता हाच खार आपल्या घरात कुठे असतो? पापडखाराच्या पुडीत. त्यात सोडियमचे कार्बोनेट आणि बायकार्बोनेट हे क्षार असतात. उडदाच्या पापडाच्या पिठात तो घालतात. प्रत्येक वाण्याच्या पुडीचा जोर निराळा असल्याने पापडखार जपूनच घालावा, नाहीतर शेवया साबणासारख्या लागतात. त्याहून खात्रीचा उपाय अमेरिकी पाकशास्त्र लेखक हॅरॉल्ड मॅक्गी यांनी लोकांसमोर आणला: खायचा सोडा पसरट भांड्यात घालून ओव्हनमध्ये १२० अंशांवर तासभर भाजायचा. बायकार्बोनेटचं कार्बोनेट होतं. हात लावू नये, तो झोंबतो. शंभर ग्रॅम मैद्याला हा एक ग्रॅम, मीठ एक ग्रॅम आणि पाणी फक्त पस्तीस ते चाळीस ग्रॅम. पोळीच्या कणकेची सवय असलेल्या हाताला हे पीठ म्हणजे कोरडा चुरा वाटतो. ते मळायचं नसतंच. पिशवीत घालून तासभर मुरवायचं, मग पायाने तुडवायचं किंवा शेवयांच्या यंत्रातून पुन्हा पुन्हा काढायचं. घाटावर हातशेवया करणाऱ्या बायकांनी हे पीठ हातात घेतलं तर त्या हसतील. त्यांचं पीठ सैल, तेलाने ताणायचं, काठीवर वाळत घालायचं. त्याला जपानी जोड शोधायची तर रामेन नव्हे, नारा प्रांतातल्या मिवा गावचं सोमेन. तिथेही तेलाचा हात लावून धागे ओढतात आणि बांबूच्या काठ्यांवर सोडतात.

भाताची गोष्ट मात्र वेगळी. कोकणात भात वेळायचा आणि पेज प्यायची, ही पद्धत जपानी बाईला पाहवणार नाही. ती तांदूळ हलक्या हाताने धुते, अर्धा तास भिजवते, मोजून पाणी घालते, आणि शिजल्यावर दहा मिनिटं झाकण उघडू देत नाही. तिच्यासारखा चिकट भात आपल्या कोणत्या तांदळाचा होईल? कोलम नको, बासमती तर नकोच. मावळातल्या वडगावच्या भात संशोधन केंद्राने आंबेमोहर १५७ आणि आयआर ८ यांच्या संकरातून काढलेली इंद्रायणी घ्या. ती मऊ होते, एकमेकींना धरते आणि ओनिगिरीचा गोळा सुटत नाही. जपानी तांदूळ आयात करून दुप्पट-चौपट पैसे मोजणाऱ्यांनी एकदा करून पाहावं.

स्वयंपाक हा शिकवायचा विषय आहे, याचं एक जपानी उदाहरण मराठी सुशिक्षितांपर्यंत फार आधी पोचलं होतं. जिन्झो नारुसे यांनी १९०१ मध्ये तोक्योत काढलेल्या महिला विद्यापीठाची पुस्तिका बनारसच्या शिवप्रसाद गुप्त यांनी धोंडो केशव कर्व्यांना पाठवली. त्या विद्यापीठात गृहशास्त्राचा विभाग पहिल्यापासून होता. १९१६ मध्ये कर्व्यांचं महिला विद्यापीठ उभं राहिलं. पुढे १९३० मध्ये जगप्रवासात ते स्वतः जपानलाही जाऊन आले.

आज उलट दिशेचाही रस्ता आहे. तोक्योच्या एदोगावा भागात, निशि-कासाई स्टेशनच्या आसपास, २००० सालाच्या आगेमागे भारतीय संगणक अभियंते राहायला आले. त्यांत मराठी बरेच. मूळचे अंबरनाथचे योगेंद्र पुराणिक २०१९ मध्ये तिथल्या स्थानिक सभेवर निवडून आले. त्यांच्या कुटुंबाने निशि-कासाईत आईच्या नावाने काढलेलं ‘रेका’ हे उपाहारगृह पाटीवरच ‘भारतीय घरगुती जेवण’ म्हणवून घेतं. जपान्यांना हे शब्द भावतात, कारण त्यांच्या मनात भारत म्हणजे करी. ती त्यांच्याकडे ब्रिटिशांमार्फत आली आणि घराघरात वड्यांच्या रूपात शिजते. अस्सल करी शिंजुकूच्या नाकामुराया दुकानात १९२७ मध्ये आली ती क्रांतिकारक रासबिहारी बोसांमुळे. जपानला स्वयंपाक शिकायला गेलात तर यजमानीण तुम्हालाही काहीतरी करून दाखवायला सांगणार हे गृहीत धरा. पुरणपोळीच्या भानगडीत पडू नये. पिठलं-भात सोपा, आणि त्यांच्या भाताशी तो जमतोही.

शाकाहारी प्रवाशांची अडचण खरी आहे. भाजी दिसते शाकाहारी, पण शिजलेली असते मासळीच्या पाण्यात. सोया सॉसच्या थेंबागणिक चौकशी करत बसलं तर यजमानीण कानकोंडी होते. त्यापेक्षा शिकवणी ठरवतानाच ‘शोजिन र्‍योरी’ हवी असं कळवावं. बौद्ध मठांतला हा स्वयंपाक. त्यात दाशी कोंबु आणि वाळवलेल्या शिताके अळंब्यांची. अळंब्यात ग्वानिलेट असतं, तेही ग्लुटामेटशी तसाच गुणाकार करतं. आपल्याकडच्या कांदा-लसूण न खाणाऱ्यांनाही ते चालतं, कारण मठांत तेही वर्ज्य.

परत येताना लोक सोया सॉसच्या बाटल्या आणि मिसोचे डबे बॅगेत कोंबतात. मिसोचं ठीक, महाराष्ट्रात मराठवाडा-विदर्भात सोयाबीनचे डोंगर होतात, पण ते तेलाच्या घाण्याकडे जातात, मिसो क्वचितच कोणी घालतं. बाकीची जागा कोंबुला द्यावी. मांदेली इथे आहे, सोडे आहेत, पापडखार आणि इंद्रायणी आहे. कोंबु अरबी समुद्राच्या कोमट पाण्यात येत नाही. वजनाला हलका, कोरडा ठेवला तर वर्षभर टिकतो, आणि दाशी काढून उरलेली पट्टी बारीक चिरून सोया सॉस-साखरेत आटवली की भाताबरोबर तोंडी लावायला होते.