लहान मुलांची हाडं नेमकं काय सांगतात?

कळमना मार्केटमध्ये धान्याची पोती उतरताना पाहिली की मला घोड नदीकाठचं इनामगाव आठवतं. माझ्या सिनॉप्सिसमधली सगळ्यात मोठी चूक तिथलीच. पेट पास होऊन विषय शोधणाऱ्यांनी ती वाचावी म्हणून लिहिते आहे.

इनामगाव (ता. शिरूर, जि. पुणे) हे ताम्रपाषाण काळातल्या शेतकऱ्यांचं गाव. डेक्कन कॉलेजने १९६८ ते १९८३ या काळात तिथे उत्खनन केलं. सुरुवातीला बार्ली हे मुख्य पीक होतं. शेवटच्या टप्प्यात, म्हणजे उत्तर जोर्वे काळात (इ.स.पू. १००० ते ७००), बार्ली घटली, शिकार वाढली आणि चौकोनी घरांच्या जागी गोल झोपड्या आल्या. लहान मुलांना घराच्या जमिनीखाली, दोन रांजण तोंडाला तोंड लावून पुरलेलं सापडतं. असे सांगाडे तिथे पुष्कळ आहेत.

मी लिहिलं: 'बालमृत्यू वाढले, म्हणजे लोकसंख्या घटत होती.' गाईड मॅडम एवढंच म्हणाल्या, "मेलेली मुलं मोजलीस. जन्मलेली किती होती?"

आता हे गणित बघा. दोन गावं समजा. दोन्हीकडे शंभरातली ३० मुलं दगावतात. पहिल्या गावात १०० जन्म झाले, दुसऱ्यात २००. म्हणजे बालसांगाडे ३० आणि ६०. म्हातारी माणसं मात्र आधीच्या पिढीची, ती दोन्हीकडे सारखीच. दफनांमध्ये दुसऱ्या गावात मुलांचं प्रमाण जास्त दिसेल, पण मृत्युदर तर सारखाच आहे! फरक जन्मांचा आहे. म्हणून दफनांतलं वयाचं प्रमाण बऱ्याचदा मृत्यूपेक्षा जननाबद्दल जास्त सांगतं.

ग्वेन रॉबिन्स शुग यांनी इनामगावच्या बालसांगाड्यांवर काम केलं. त्यांच्या मते उत्तर जोर्वे काळात जननप्रमाण वाढलं होतं, आणि त्याच वेळी मुलांची वाढ खुंटलेली होती. खायला कमी, तरी मुलं जास्त? हे कसं?

एक धागा अंगावरच्या दुधाचा. बाळ वारंवार पितं तोवर आईचं बीजनिर्माण दबून राहतं. कलहारी वाळवंटातल्या कुंग लोकांत मुलं तीन-चार वर्षं अंगावर पीत, आणि दोन बाळंतपणांत साधारण चार वर्षांचं अंतर असे. धान्याची पेज, आंबील लवकर सुरू झाली की हे अंतर कमी होऊ शकतं. तान्हं बाळ दगावलं तरी दूध थांबतं आणि पुन्हा दिवस लवकर जातात. म्हणजे जास्त मृत्यू आणि जास्त जन्म एकत्र नांदू शकतात.

हे इनामगावचं सिद्ध कारण नव्हे, तपासायचं गृहीतक आहे. दातांमधल्या नायट्रोजनच्या समस्थानिकांवरून बाळाचं दूध केव्हा तुटलं याचा अंदाज घेता येतो.

आमच्या वस्तीत मिरचीचे देठ खुडणारी एक ताई म्हणाली, "लेकरू अंगावर पितं तोवर दिवस जात नाही म्हणतात, पण माझे गेले ना!" बरोबरच आहे. पहिले सहा महिने, फक्त अंगावरचं दूध आणि पाळी परतलेली नसणं, या तिन्ही अटी एकत्र असतील तरच त्यावर भरवसा ठेवता येतो. दिवसभर कामावर जाणाऱ्या आईला ते जमेलच असं नाही.

महाराष्ट्राचा एकूण जननदर २०१९-२१ मध्ये १.७ होता (एनएफएचएस-५). तरी 'गरिबांना मुलंच फार' हे वाक्य ऐकू येतंच. पुढच्या वेळी ते ऐकलं, किंवा स्वतःच्या सिनॉप्सिसमध्ये लिहावंसं वाटलं, तर आधी विचारा: किती जन्मली, किती जगली आणि आईच्या हातात काय होतं?