चिठ्ठीच्या तळाशी लिहिलेला डबा

बाळंतिणीला दवाखान्यातून सुट्टी मिळाली की वस्तीतल्या बायका तिची चिठ्ठी मला वाचायला आणून देतात. बऱ्याचदा गोळ्यांच्या खाली, अगदी तळाशी, पावडरच्या दुधाच्या डब्याचं नाव असतं. का लिहून दिलं विचारलं की सासूबाई सांगतात, "सिस्टर, हिला दूधच नाही ना." बाळ असतं दोन दिवसांचं.

दोन दिवसांच्या बाळाच्या आईला भरपूर दूध नसतंच. तेव्हा येतो तो चीक. घट्ट, पिवळसर, एका वेळी जेमतेम चमचाभर, आणि बाळाचं पोटही तेवढंच इवलंसं असतं. रोगाशी लढायची पहिली ताकद या चिकातून मिळते, म्हणून जन्मल्यावर पहिल्या तासातच बाळाला अंगावर घ्यायचं. सिझर झालेल्या बाईलाही आडवं झोपून पाजता येतं. काही घरांत अजून चीक पिळून टाकतात आणि बाळाला मध चाटवतात. म्हशीच्या चिकाचा खरवस आपण आवडीने खातो आणि लेकराचा चीक फेकून देतो! मध तर वर्षाच्या आतल्या बाळाला अजिबात द्यायचा नाही, त्यातून जिवावर बेतणारी विषबाधा होऊ शकते.

दूध उतरायला तीन-चार दिवस लागतात. तोवर बाळाचं वजन थोडं घटतं, ते रडतं, सारखं अंगावर मागतं. नेमक्या याच दिवसांत डबा घरात येतो. बाळ जितकं ओढेल तितकं आईचं दूध तयार होतं. बाटलीने पोट भरलं की बाळ कमी ओढतं, दूध कमी बनतं, मग बाटली वाढते. पंधरा दिवसांनी खरंच दूध आटलेलं असतं आणि सगळे म्हणतात, बघा, डॉक्टर बरोबर बोलले होते.

दूध पुरतंय का ते रडण्यावरून ठरवू नका. पाचव्या-सहाव्या दिवसानंतर दिवस-रात्र मिळून सहा किंवा जास्त वेळा बाळ लघवी करत असेल आणि वजन वाढत असेल, तर दूध पुरतंय. लघवी कमी असेल, बाळ मलूल पडलं असेल, ओढत नसेल किंवा ताप असेल, तर मात्र घरी थांबू नका, लगेच घाटी गाठा. सहा महिने पाणीसुद्धा नको, आपल्या मे महिन्यातही नको. आईच्या दुधात जवळजवळ नव्वद टक्के पाणीच असतं.

आता डब्याचा हिशोब. ४०० ग्रॅमचा डबा तीन महिन्यांच्या बाळाला चार दिवसही धड पुरत नाही. महिन्याला सात-आठ डबे, म्हणजे तीन हजारांच्या वर. दहा तारखेनंतर पैसे संपतात आणि चार मापांच्या जागी दोन मापं पडतात. बाळाचं पोट पाण्याने भरतं आणि अंग भरत नाही. ही पावडर निर्जंतुकही नसते. उकळलेलं पाणी निदान ७० अंश गरम असतानाच ती कालवायची, मग थंड करून पाजायची, उरलेलं ओतून द्यायचं, बाटली-बूच प्रत्येक वेळी उकळायचं. आपल्या शहरात धरण उशाला आणि कोरड घशाला. नळ किती दिवसांनी येतो ते मी तुम्हाला काय सांगणार? ड्रमच्या पाण्यावर हे सगळं दिवसातून आठ वेळा कोण करणार?

मी एका खाजगी दवाखान्यात नोकरीला होते तेव्हा डबे टेबलाच्या खणात असायचे. कंपनीचा माणूस यायचा, गोड बोलायचा, वॉर्डात पेनं वाटायचा. मीही बायकांच्या हातात डबे दिले आहेत. तेव्हा कायदा होता, पण मला कोणी सांगितला नव्हता, आणि मीही विचारलं नाही.

तो कायदा १९९२चा आहे, १ ऑगस्ट १९९३ला लागू झाला आणि २००३ मध्ये आणखी कडक केला गेला. आयएमएस अ‍ॅक्ट म्हणतात त्याला. दोन वर्षांपर्यंतच्या बाळाच्या डब्याच्या दुधाची, बाळांसाठीच्या डबाबंद आहाराची आणि दूधबाटलीची जाहिरात कुठेही करता येत नाही. फुकट नमुना, भेटवस्तू, सवलत, सगळं बंद. कंपनीच्या माणसाने गरोदर बाईशी किंवा बाळंतिणीशी याबद्दल संपर्क साधायचा नाही, दवाखान्यात पोस्टर लावायचं नाही, डॉक्टर-नर्सना पैसा किंवा भेट द्यायची नाही. डब्यावर आईचं किंवा बाळाचं चित्र चालत नाही. शिक्षा तीन वर्षांपर्यंत कैद किंवा पाच हजारांपर्यंत दंड, किंवा दोन्ही. पाच हजार म्हणजे डब्यांच्या एका खोक्याची किंमत, हे मला अजून खटकतं.

हा कायदा सहज मिळालेला नाही. कंपन्यांनी आफ्रिकेत नर्ससारखा पोशाख घातलेल्या बायका बाळंतिणींकडे पाठवल्या होत्या. त्यावर जगभर ओरड झाली आणि १९८१ मध्ये जागतिक आरोग्य सभेने विक्रीची आचारसंहिता मंजूर केली. विरोधात एकटी अमेरिका होती. आपल्याकडे मुंबईची अ‍ॅकॅश आणि १९९१ मध्ये वर्ध्याला सुरू झालेली बीपीएनआय या संस्थांनी हा विषय लावून धरला.

डॉक्टरने डबा लिहिणं हा मात्र गुन्हा नाही. आई दगावली, काही विशिष्ट औषधं चालू आहेत, अशा वेळी डबा लागतोच, आणि त्या आईला कोणी नावं ठेवू नयेत. मुंबईच्या सायन रुग्णालयात तर १९८९ पासून आईच्या दुधाची पेढीच आहे.

आणि कामावर जाणारी? १९२८ मध्ये मुंबई विधिमंडळात बाबासाहेबांनी बाळंतिणीच्या पगारी रजेच्या बाजूने भाषण केलं. आईला विश्रांती मिळणं देशाच्या हिताचं आहे, असं त्यांनी मांडलं. २०१७ पासून पहिल्या दोन बाळंतपणांना २६ आठवड्यांची रजा आहे, आधीच्या वर्षभरात ८० दिवस काम भरलेलं असलं की झालं. वाळूजच्या कंत्राटी कामगार बाईलाही ती लागू आहे. बाळ १५ महिन्यांचं होईपर्यंत कामाच्या वेळेत दोनदा पाजायला सुट्टीही आहे. धुणी-भांडी करणारीला आणि नाक्यावर उभी राहणारीला यातलं काही मिळत नाही. तिने हात स्वच्छ धुऊन दूध वाटीत काढून झाकून ठेवावं. ते सावलीत चार तास टिकतं, फ्रिजमध्ये दिवसभर. आजीने ते वाटी-चमच्याने पाजावं, बाटली नको.

चिठ्ठीवर डबा दिसला तर डॉक्टरांना दोन प्रश्न विचारा: कोणत्या कारणासाठी, आणि किती दिवस? फुकट डबा मिळाला किंवा पोस्टर दिसलं तर फोटो काढा, तारीख, दवाखाना आणि वॉर्ड लिहून ठेवा, आणि अन्न व औषध प्रशासनाच्या कार्यालयात लेखी तक्रार देऊन शिक्क्याची पोच घ्या. अ‍ॅकॅश आणि बीपीएनआय यांना या कायद्याखाली थेट कोर्टात जाण्याचा अधिकार दिलेला आहे, तक्रारीची एक प्रत त्यांना पाठवा. आणि एक झेरॉक्स विहारातल्या महिला मंडळाच्या फाईलला लावा.